कम्बशन ॲनालायझर: एक पावसाळा काढल्यानंतरचा अनुभव

चाकण, भोसरी, रांजणगाव या पट्ट्यातल्या लहान-मध्यम कारखान्यांचे बॉयलर आणि थर्मिक फ्लुइड हीटर (पाण्याऐवजी तेल तापवणारे) बघणं हा माझा धंदा. पाइपचा गॅस, डिझेल, ब्रिकेट (भुसा-काडीकचरा दाबून केलेले ठोकळे), सगळी इंधनं वाट्याला येतात. चिमणीत प्रोब घालून धुरातला ऑक्सिजन, कार्बन मोनॉक्साइड म्हणजे सीओ, तापमान आणि ड्राफ्ट म्हणजे चिमणीची ओढ मोजणारा हातातला ॲनालायझर गेल्या हिवाळ्यात घेतला. उन्हाळा, पावसाळा दोन्ही त्याच्यासोबत काढले, म्हणून आता लिहितोय. टेस्टो, केन, बॅकरॅक ही नावं या धंद्यात सगळ्यांना माहीत आहेत. माझ्याकडचं कुठलं ते सांगत नाही. खालचं बरं-वाईट इलेक्ट्रोकेमिकल (रासायनिक क्रियेतून वीज तयार करून वायू मोजणाऱ्या) सेन्सरवर चालणाऱ्या जवळपास प्रत्येक यंत्राला लागू आहे, आणि मॉडेलवरून वाद घालायची मला हौस नाही.

निकाल आधीच सांगतो. यंत्र पैसे वसूल करून देतं. पण पडद्यावर सगळ्यांना आधी दिसणारा एफिशियन्सीचा आकडा मला त्यातला सगळ्यात कमी कामाचा वाटतो.

मालकाला मात्र तोच हवा असतो. ९२ टक्के दिसले की चेहरा खुलतो. हा आकडा यंत्र मोजत नाही, हिशेब करून काढतं: धुराचं तापमान, आत जाणाऱ्या हवेचं तापमान आणि ऑक्सिजन घेऊन चिमणीवाटे किती उष्णता गेली ते काढायचं आणि शंभरातून वजा करायचं. बॉयलरच्या अंगातून जाणारी उष्णता, ब्लोडाउनचं (क्षार काढायला बॉयलरमधून सोडलेलं) पाणी, यातलं काहीच त्यात धरलेलं नसतं. शिवाय बहुतेक युरोपियन यंत्रं हा हिशेब इंधनाच्या नेट कॅलोरिफिक व्हॅल्यूवर (धुरातल्या वाफेची उष्णता सोडून) करतात, आणि आपल्याकडचे एनर्जी ऑडिटवाले ग्रॉसवर (ती धरून). नैसर्गिक वायूच्या बाबतीत या दोन्हींत साधारण दहा टक्क्यांचा फरक पडतो, म्हणजे यंत्रावरचे ९२ ऑडिटच्या कागदावर ८३ च्या आसपास येतात. दोघंही बरोबर असतात, तरी मीटिंगमध्ये आवाज चढतात. ज्यांना आयएस ८७५३ या बॉयलर चाचणीच्या भारतीय मानकाप्रमाणे सगळे तोटे मोजून एफिशियन्सी काढायची आहे त्यांना हे यंत्र लागेलच, पण एकट्या यंत्रावर भागणार नाही.

मी बघतो ते दोन आकडे: ऑक्सिजन आणि सीओ, आणि तेही एकाच वेळी. ऑक्सिजन सांगतो की हवा किती जास्त जातेय. ऑक्सिजनला २०.९ वजा ऑक्सिजनने भागून शंभराने गुणलं की जादा हवेची टक्केवारी येते. एका डेअरीच्या गॅस बॉयलरवर ऑक्सिजन ८.५ टक्के, धूर २१५ अंशांवर, सीओ जेमतेम दहा पीपीएम (दहा लाख भागांत दहा भाग). म्हणजे गरजेपेक्षा ६८ टक्के जास्त हवा गरम करून चिमणीतून सोडत होते. डॅम्परची (हवेची झडप) लिंकेज थोडी थोडी फिरवत ऑक्सिजन ३.५ वर आणला, तापमान २०० पर्यंत उतरलं, सीओ तिशीत राहिला. चिमणीचा तोटा सुमारे साडेअकरा टक्क्यांवरून आठच्या खाली आला. गॅसचं बिल लाखात असलेल्या ठिकाणी एवढं पुरेसं आहे.

तिथले फायरमन मामा शांतपणे बघत होते. "साहेब, ज्योत निळीच तर आहे, मग नळी कशाला घालता?" त्यांचा प्रश्न रास्त आहे, कारण पिढ्यान्‌पिढ्या बर्नर डोळ्यांनीच लावले गेलेत. पण जादा हवेतही ज्योत निळीच दिसते, आणि सीओ दिसतही नाही, वासही येत नाही. मामांना प्रोब हातात दिला, डॅम्पर आणखी जरासा बंद केला. तीसचे सत्तर, सत्तरचे तीनशे, आणि पुढच्या टिचकीला आकडा हजाराच्या पुढे. ज्योतीकडे बघून काही कळलं का, असं विचारलं तर मामा हसले फक्त. सीओ हा असा हळूहळू न चढता एकदम उसळतो, म्हणून सीओचा सेन्सर नसलेलं स्वस्त, फक्त ऑक्सिजन दाखवणारं यंत्र घेऊन बर्नर लावायला जाऊ नये असं माझं स्पष्ट मत आहे. आणि बरोबर त्या उंबरठ्यावरही सेटिंग सोडू नये. उद्या फिल्टर तुंबेल, हवेचं तापमान बदलेल, गॅसचा दाब हलेल. थोडी जागा ठेवावी लागते.

आता सगळ्यात महत्त्वाची गोष्ट, जी माहितीपुस्तकात अर्ध्या ओळीत उरकलेली असते. ऑक्सिजन जास्त दिसला म्हणजे बर्नरला हवा जास्त जातेय असं नाही. आयडी फॅनच्या (धूर चिमणीकडे ओढणारा पंखा) ओढीखाली असलेल्या भट्टीत दाराच्या सीलच्या दोरीतून, फुटलेल्या व्ह्यू ग्लासमधून, डक्टच्या गंजलेल्या जोडातून बाहेरची हवा आत शिरते. ती ज्वलनात भाग घेत नाही, नुसती धुरात मिसळते. चिमणीवर मोजलं तर ऑक्सिजन नऊ टक्के. ते बघून कोणी बर्नरची हवा कमी केली तर ज्योत खरोखरच उपाशी पडते, आणि यंत्राच्या साक्षीने सीओ तयार होतो. म्हणून मी जमेल तिथे दोन जागी मोजतो: भट्टीतून धूर बाहेर पडतो तिथे एकदा, आणि एअर प्रीहीटरच्या (धुरावर हवा तापवणारा भाग) पुढे एकदा. मधे ऑक्सिजन दोन-तीन टक्क्यांनी वाढला तर स्क्रू ड्रायव्हर खाली ठेवायचा आणि गळती शोधायची. एका ब्रिकेटच्या बॉयलरवर सगळा 'बर्नरचा प्रॉब्लेम' ॲश डोअरची (राख काढायच्या दाराची) दोरी बदलल्यावर गेला.

उलटंही होतं. ऑक्सिजन भरपूर आणि सीओपण भरपूर. इथे आणखी हवा देणं हा उपाय नव्हेच. ज्योत थंड पत्र्यावर आपटत असते, नोझल वाकडं असतं, नाहीतर हवाच इतकी असते की ज्योत पुरती जळण्याआधीच थंड पडते. एकटा ऑक्सिजन बघणाऱ्याला हे कधीच कळणार नाही.

सीओचा आकडा वाचतानाही ऑक्सिजन शेजारी लागतो. ३ टक्के ऑक्सिजनला १०० पीपीएम आणि १२ टक्क्यांना १०० पीपीएम या एक गोष्टी नाहीत. जादा हवा वजा करून हिशेब केला तर पहिले ११७ होतात आणि दुसरे २३५. यंत्रात ही दुरुस्त केलेली किंमत वेगळ्या ओळीत मिळते. ती ओळ पहिल्या पानावर आणून ठेवा, यंत्र नवीन येतं तेव्हा ती आत कुठेतरी दडलेली असते.

प्रोबचं टोक कुठे आहे यावर सगळं अवलंबून आहे. डक्टच्या कडेला धूर थंड आणि पातळ असतो. प्रोब आत-बाहेर सरकवत तापमान जिथे सगळ्यात जास्त दिसतं तिथे थांबायचं, मग प्रोबवरचा शंकूसारखा कोन भोकात घट्ट करायचा. वर्कशॉपमधल्या बाकावरचे आकडे आणि साइटवरचे आकडे जुळत नाहीत अशी तक्रार करणारे बरेचदा इथेच चुकतात. दुसरी जागा म्हणजे यंत्राची स्वतःची रबरी नळी. तिला बारीक चीर गेली की यंत्र बाहेरची हवा ओढतं, ऑक्सिजन वाढलेला दिसतो आणि सगळा दोष बिचाऱ्या बर्नरवर जातो. प्रोबचं तोंड बंद करून पंप अडखळतो का हे बघायला काही सेकंद लागतात.

इंधनाचं सेटिंग चुकलं तर काय, हे बरेच जण विचारतात. ऑक्सिजन आणि सीओ बरोबरच राहतात, कारण ते प्रत्यक्ष मोजलेले असतात. बिघडतात ते कार्बन डायऑक्साइड आणि एफिशियन्सी, कारण ते हिशेबाने आलेले आहेत. नैसर्गिक वायूसाठी कार्बन डायऑक्साइडची कमाल सुमारे १२ टक्के धरतात, डिझेलसाठी साडेपंधराच्या आसपास, लाकडासाठी वीसच्या. सेटिंग विसरलं की एफिशियन्सी काहीही येते.

डिझेलवर एक सावधगिरी. तेलाच्या बर्नरवर काजळी सीओच्या आधी येऊ शकते. पडद्यावर सीओ छान, आणि ट्यूबमध्ये काजळीचा थर. त्यासाठी हातपंपाने फिल्टर पेपरवर धूर ओढून डागाचा रंग शून्य ते नऊच्या पट्टीशी जुळवण्याची जुनी चाचणी अजून चालते. ती स्वस्त आहे, आणि ती केल्याशिवाय मी तेलाच्या बर्नरला हात लावत नाही. तशी काजळी ॲनालायझरच्या फिल्टरलाही आवडत नाही.

ब्रिकेटवर मात्र हे यंत्र रडतं. प्रत्येक फावड्यागणिक ऑक्सिजन पाच ते पंधरा नाचतो, सीओ हजारांत जातो आणि पंप स्वतःहून बंद होतो. सीओ एवढा असताना धुरात हायड्रोजनही असतो, आणि साधा सीओ सेन्सर त्यालाही सीओ समजून मोजतो. हायड्रोजनची भरपाई असलेला सेन्सर महाग पडतो, पण घन इंधन असेल तर तोच घ्यावा. एका क्षणाचा आकडा इथे खोटाच म्हणायचा. पंधरा-वीस मिनिटांची सरासरी घ्यायची, मग प्रोब बाहेर काढून सीओ शून्यावर येईपर्यंत ताजी हवा ओढू द्यायची. धूर आत ठेवून यंत्र बंद केलं की सेन्सरचं आयुष्य कमी होतं.

पावसाळ्यात खरी परीक्षा झाली. गॅसच्या धुरात पाणी खूप असतं, ते यंत्राच्या ट्रॅपमध्ये जमतं. उन्हाळ्यात दोन बॉयलर झाल्यावर बघितलं तरी चालायचं, जुलैत प्रत्येक वेळी ओतावं लागलं. ते पाणी पंपापर्यंत गेलं की सेन्सर गेलेच समजा. एसी गाडीतून काढून थेट उकाड्याच्या बॉयलर हाउसमध्ये चालू केलं तर आत दव धरतं आणि शून्यच हलतं. थोडा वेळ तसंच ठेवायचं, आणि झिरो करायला, म्हणजे यंत्राला शून्य कुठलं ते दाखवायला, बाहेर उघड्यावर जायचं. बॉयलर हाउसमध्ये आधीच सीओ असेल आणि तिथेच झिरो केलं तर यंत्र ती घाण शून्य धरून चालतं, पुढचं प्रत्येक रीडिंग कमी येतं. छपाईचा थर्मल कागद डॅशबोर्डवर आठवड्यात पांढरा होतो, फोटो काढून ठेवावा. ॲप बरं आहे, पण पत्र्याच्या शेडमध्ये ब्लूटूथ मनात येईल तेव्हाच जोडलं जातं.

बॉयलरपेक्षा जास्त घाबरलो ते एका सोसायटीतल्या बाथरूमने. ओळखीच्या एका काकूंनी हिवाळ्यात बोलावलं, "अंघोळीनंतर डोकं जड होतं रे, जरा तुझं ते यंत्र लावून बघ." एलपीजीचा इन्स्टंट गीझर, धुराचा पाइप नाही, वरची छोटी खिडकी थंडी येते म्हणून पेपर लावून बंद. प्रोब वरच्या कोपऱ्यात टांगला, नळी दाराखालून बाहेर घेतली, गरम पाणी सोडलं आणि दार लावून बाहेर उभा राहिलो. ज्योत निळी. आकडा आधी किरकोळ, मग खोलीतला ऑक्सिजन उतरायला लागला तसा सीओ चढायला लागला, शंभराच्या पुढे गेल्यावर मी गॅस बंद केला. जुन्या कारखाने अधिनियमाच्या (१९४८) दुसऱ्या अनुसूचीत आठ तासांच्या सरासरीची मर्यादा ५० पीपीएम होती. १२०० ला जिवाला तात्काळ धोका मानतात. गॅस गीझरच्या बाथरूममधले मृत्यू दर हिवाळ्यात आपल्या बातम्यांत येतात, आणि त्यामागे हेच गणित असतं: बंद खोलीतला ऑक्सिजन संपत जातो, ज्वलन अर्धवट होतं, अर्धवट ज्वलनाचा सीओ तिथेच कोंडतो. काकूंचा गीझर बाथरूमच्या बाहेर बाल्कनीत गेला.

तरी हे यंत्र म्हणजे अंगावरचा सीओ अलार्म नव्हे. बॉयलर हाउसमध्ये खिशाला वेगळा छोटा अलार्म लावतो, कारण ॲनालायझरचं नाक चिमणीत असतं, माझं बाहेर. गॅसची गळती शोधायलाही ते नाही. जिथे गॅसचा वास येतोय तिथे ते चालूसुद्धा करू नये. पॉझिटिव्ह प्रेशरच्या (आतला दाब बाहेरच्यापेक्षा जास्त असलेल्या) चिमणीला भोक उघडलं की धूर थेट तोंडावर येतो, म्हणून बाजूला उभं राहायचं, हातमोजे घालायचे आणि काम झाल्यावर भोक बुचाने बंद करायचं. हे शेवटचं विसरलेली भोकं मला महिन्याला एखादी तरी सापडतात.

खर्चाचं. जुन्या पद्धतीच्या ऑक्सिजन सेन्सरमधलं शिसं हवेत नुसतं पडूनही झिजतं, वापरा न वापरा, दोनेक वर्षांत तो बदलावा लागतो. सीओचा त्याहून जास्त टिकतो, ब्रिकेटवर नाही. वर्षातून एकदा कॅलिब्रेशन, ते एनएबीएल (प्रयोगशाळांना मान्यता देणारं राष्ट्रीय मंडळ) मान्यता असलेल्या प्रयोगशाळेतून आणि प्रमाणित गॅसवर केलेलं. नुसतं 'ओके' लिहिलेल्या कागदाला ऑडिटर विचारत नाही. वर्षाला दोन-चारच बॉयलर बघायचे असतील तर यंत्र विकत घेण्यापेक्षा ते असलेल्या माणसाला बोलवा. घ्यायचंच असेल तर विक्रेत्याला किमतीच्या आधी तीन गोष्टी विचारा: सेन्सर मी स्वतः बदलू शकतो का, सुटा सेन्सर भारतात किती दिवसांत मिळतो, आणि कॅलिब्रेशनला गेलं तर बदली यंत्र मिळतं का. माझ्या विक्रेत्याचं तिसऱ्याला उत्तर 'नाही' होतं, त्यामुळे दरवर्षीचं कॅलिब्रेशन मी दिवाळीच्या सुट्टीत, कारखाने बंद असताना लावलंय.