फ्लॅटमधला इलेक्ट्रॉनिक ड्रमसेट, अकरा महिन्यांनंतर

कंपनीचं नाव मुद्दाम लिहीत नाहीये. लिहिलं की दोन कंपन्यांचे भक्त एकमेकांच्या उरावर बसतात आणि मुद्दा राहतो बाजूला. शिवाय माझ्या निम्म्या तक्रारी या किमतीच्या कुठल्याही सेटला लागू पडतील. सेट मधल्या किमतीचा आहे. किक (पायाने वाजवायचा मोठा ड्रम), स्नेअर (मधला करकरीत आवाजाचा) आणि तीन टॉम (बाकीचे ड्रम) मेशचे म्हणजे जाळीचे, सिंबल म्हणजे झांजा रबराच्या, आणि हाय-हॅट (पायाने उघडबंद होणारी झांजांची जोडी) म्हणजे इथे एक रबरी ताटली न् खाली वेगळं पेडल. सेकंडहँड, 62,000 रुपये. कोथरूडला तिसऱ्या मजल्यावर आमच्या दहा बाय दहाच्या खोलीत तो उभा आहे. त्या खोलीतलं कपाट 'तात्पुरतं' म्हणून हॉलमध्ये काढलं होतं, ते अजून हॉलमध्येच आहे.

या सेटवर आमच्या बँडचा दुसरा अल्बम वाजवून झाला. आठ गाणी. त्यामुळे हे दुकानात दहा मिनिटं टकटक करून आलेलं मत नाही, एवढं धरून चाला.

सेट का घ्यावा लागला ते आधी सांगतो, नाहीतर बाकीचं पटणार नाही. कारण पंधरा वर्षं मीच म्हणत आलो होतो की इलेक्ट्रॉनिक ड्रम म्हणजे प्लास्टिकच्या फुलांचा हार.

पहिला अल्बम आम्ही 2014 मध्ये केला. चौघंही नोकरदार. आठवड्यातून दोनदा कर्वेनगरच्या एका जॅमरूममध्ये भेटायचो, तासाला 500 रुपये. सराव दोन तास आणि त्यानंतरची 'बैठक' चार तास. आमचा गिटारवाला त्या बैठकीतून उठलाच नाही म्हटलं तरी चालेल. आम्ही तिघंही त्याच टेबलावर असायचो, त्यामुळे त्याचं काय होत चाललंय हे दिसायला आम्हाला फार वेळ लागला. मग 2021 च्या पावसाळ्यात बायपासवर माझी गाडी घसरली आणि डावं मनगट मोडलं. प्लेट आणि सहा स्क्रू. तो भेटायला आला आणि खुर्चीत बसून मला रिक अॅलनची गोष्ट सांगायला लागला. डेफ लेपर्डचा ड्रमर. 31 डिसेंबर 1984 ला शेफील्डजवळ मोटारीच्या अपघातात त्याचा डावा हात गेला. गड्याने इलेक्ट्रॉनिक सेट बनवून घेतला, डाव्या हाताचं काम डाव्या पायाच्या पेडलांवर नेलं, 1986 मध्ये डोनिंग्टनच्या मैदानावर वाजवलं आणि 1987 मध्ये बँडचा पुढचा अल्बम आला. गोष्ट मला पाठ होती, कुठल्या ड्रमरला नसते? पण दुपारचे तीन वाजले होते आणि सांगणाऱ्याच्या तोंडाला वास येत होता. मी त्याला बाहेर जायला सांगितलं. त्यानंतर दोन वर्षं आम्ही बोललो नाही.

पुढे तो आपणहून मुक्तांगणला दाखल झाला. अवचट दांपत्याने 1986 मध्ये येरवड्याला सुरू केलेली ही व्यसनमुक्तीची संस्था पुण्यात कोणाला माहीत नाही असं नाही, पण आपल्यातलं कोणी तिथे जाईपर्यंत ती 'दुसऱ्यांसाठी' असते. पाच आठवडे राहिला. बाहेर आल्यावर चार महिन्यांनी त्याचा फोन आला. "वाजवू या का परत? पण जॅमरूम नको. तो जिना चढलो की मला पुढचंच आठवतं." इकडे गायकाची आई अंथरुणाला खिळलेली, रात्री साडेनऊला बहीण आली की मगच त्याची सुटका. बासवाला बदली होऊन नाशिकला. म्हणजे अल्बम करायचा तर रात्री साडेनऊनंतर, कुणाच्या तरी घरी, आणि एक जण दोनशे किलोमीटरवर. खऱ्या स्नेअरचा आवाज वाजवणाऱ्याच्या कानाशी 100 डेसिबलच्या वर जातो, आणि निवासी भागात रात्री दहानंतरची कायदेशीर मर्यादा 45 आहे. प्लास्टिकचा हार गळ्यात घालण्यावाचून गत्यंतर नव्हतं.

आता सेट. पहिल्या आठवड्यातच खालच्या काकू वर आल्या. "अरे, रात्री अकराला तुमच्याकडे कोण कुटतंय? मसाला करताय का?" हेडफोन लावून वाजवणाऱ्याला वाटतं आपण अगदी गुपचूप आहोत. काठ्यांची टकटक खरंच फार नसते, दार लावलं की पॅसेजमध्येसुद्धा जेमतेम ऐकू येते. भानगड असते पायाची. किकचं पेडल दाबलं की दणका हवेतून जात नाही, स्टँडमधून फरशीत, फरशीतून स्लॅबमध्ये आणि तिथून काकूंच्या पलंगावर. खाली गालिचा घाला, जिमच्या रबरी मॅट घाला, काही उपयोग नाही. मी दोन्ही करून पैसे घालवलेत.

उपाय जुनाच आहे, टेनिस बॉलचा चौथरा. भवानी पेठेतल्या टिंबर मार्केटमधून 18 मिलिमीटरच्या प्लायचे दोन तुकडे कापून आणले, खालच्याला बॉलपेक्षा लहान भोकं पाडली, त्यात बॉल बसवले आणि वर दुसरी फळी नुसती ठेवली. बॉल स्प्रिंगचं काम करतात, दणका त्यांच्यातच जिरतो. बॉल जुने, हवा गेलेले असले तर उत्तम. टेनिस शिकवणाऱ्या ओळखीच्या सरांनी पिशवीभर दिले, फुकट. इथे मी एक गाढवपणा केला. जास्त बॉल म्हणजे जास्त शांतता असं समजून चाळीस लावले. तेवढ्यांनी फळी इतकी ताठ झाली की स्प्रिंग दबेचना आणि काकू पुन्हा वर. सोळा काढले, चोवीस ठेवले, तेव्हा जमलं. सगळा खर्च 4,800 रुपये. सेट घेणार असाल तर हे पैसे सेटच्या किमतीतच धरा. काकू आता विचारतात, "सोडलंस का रे वाजवायचं?"

मेशबद्दल बोलायचं तर 1997 मध्ये रोलंडने जाळीचे पॅड आणले तेव्हापासून रबराच्या पॅडवर वाजवायला कोणी सांगू नये. मनगटाला याचा फरक पडतो. खऱ्या सिंबलवर काठी मारली की झटका मनगटातल्या प्लेटपर्यंत जायचा, मेशवर तो येत नाही. पण उसळी फार आहे. काठी आपोआप परत येते, डबल स्ट्रोक (एका हाताचे सलग दोन ठोके) लोण्यासारखे निघतात, आणि तुम्हाला वाटतं आपण सुधारलो. सहा महिन्यांनी मित्राच्या खऱ्या सेटवर बसलो, तर फ्लोअर टॉमवर दुसरा ठोका उमटेचना. आता आठवड्यातून दोनदा उशीवर सराव करतो. उशी उसळी देत नाही, आणि खुशामतही करत नाही.

स्नेअरमध्ये सेन्सर बरोबर मध्यभागी आहे, त्यामुळे मध्यावर मारलं की आवाज उडी मारतो. नेम दोन बोटं बाजूला ठेवायची सवय लागते. किक मारली की कधीकधी क्रॅश सिंबल आपोआप वाजायचा, कारण दोन्ही एकाच रॅकवर आहेत. मॉड्यूलमध्ये (म्हणजे सेटचा आवाज काढणाऱ्या डब्यात) क्रॉसटॉक (शेजारच्या पॅडचा धक्का किती टाळायचा) आणि थ्रेशोल्ड (किती जोरापासून ठोका धरायचा) वाढवून ते गेलं, पण थ्रेशोल्ड फार वाढवला की हलके ठोकेच गायब होतात. दोन संध्याकाळी यात गेल्या. किकला फेल्टचा बीटर (पेडलचा हातोडा) वापरू नका, त्याने जाळी घासते. माझी नवव्या महिन्यात गेली, आता प्लास्टिकचा लावलाय.

मॉड्यूलमधले तयार आवाज सरावापुरते. रेकॉर्डिंगला मी यूएसबीने फक्त मिडी घेतला, म्हणजे कुठला ठोका कधी आणि किती जोरात एवढीच नोंद, आणि आवाज कॉम्प्युटरवरच्या सॅम्पल लायब्ररीतून, म्हणजे खऱ्या ड्रमच्या रेकॉर्ड केलेल्या ठोक्यांच्या साठ्यातून काढला. काठी पडल्यापासून आवाज येईपर्यंत जो उशीर होतो त्याची फार भीती घातली जाते. हिशोब सोपा आहे. कॉम्प्युटर आवाज तुकड्यातुकड्याने पुढे देतो, त्या तुकड्याला बफर म्हणतात; 48 किलोहर्ट्झला 128 सॅम्पलचा बफर म्हणजे पावणेतीन मिलिसेकंदांच्या आत. हवेत आवाज एका मिलिसेकंदात साधारण एक फूट जातो, म्हणजे खरा स्नेअरही कानापर्यंत यायला दोन मिलिसेकंद घेतोच. पॅड, मॉड्यूल आणि कॉम्प्युटर मिळून माझ्याकडे त्याहून जास्त उशीर होतो, पण दहाच्या खाली आहे तोवर हाताला कळत नाही. बफर 512 वर गेला की मात्र चिखलात चालल्यासारखं वाटतं.

मिडीचा खरा फायदा नाशिकला झाला. पाच मिनिटांच्या गाण्याचा अख्खा ड्रम म्हणजे काही किलोबाइटची फाइल. खऱ्या ड्रमचे दहा माइक 24 बिटमध्ये रेकॉर्ड केले असते तर चारशे एमबीच्या वर गेलं असतं. ही फाइल व्हॉट्सअॅपवर जायची, सकाळच्या गुलाबाच्या फोटोपेक्षा लहान. बासवाला तिच्यावर वाजवून सकाळपर्यंत परत पाठवायचा.

पण मिडीमध्ये काहीच लपत नाही. प्रत्येक ठोक्याचा जोर 1 ते 127 या आकड्यात समोर येतो. पहिल्या महिन्यात माझा उजवा हात 100 च्या आसपास आणि डावा 70 ला. तिसऱ्या मिनिटानंतर डावा 55. स्क्रीनवर ते पायऱ्यांसारखं दिसतं. फिजिओथेरपीच्या मॅडमना मी तो स्क्रीनशॉट दाखवला. त्यांनी मनगटाचा कोन मोजायचं थांबवून आधी तोच बघितला, आणि तेव्हापासून दर भेटीला मागायला लागल्या. नवव्या महिन्यात डावा 88 झाला. हा उपयोग कुठल्याच जाहिरातीत नाही.

आकडे दिसतात म्हटल्यावर बदलताही येतात. पहिल्या तीन गाण्यांत मी रात्री बसून डाव्या हाताचे सगळे ठोके वर ओढले आणि वेळेच्या रेघेला चिकटवले. एकदम गुळगुळीत झालं. गिटारवाल्याने ऐकलं, हेडफोन काढले आणि म्हणाला, "हा कोण वाजवतोय?" मला राग आला. म्हटलं, हात दुखत असताना वाजवलंय, थोडं झाकलं तर काय बिघडलं? तो म्हणाला, "मी सात वर्षं झाकलं." त्यावर काय बोलणार? तिन्ही गाणी परत वाजवली. चुकलेले ठोके सरकवले, जोराला हात लावला नाही. पाचव्या गाण्यात शेवटी माझा डावा हात थकलेला ऐकू येतो, आणि योगायोगाने गाणंही तिथे थकण्याचंच आहे. हा योगायोग आम्ही मुद्दाम केला, असं मी आता सगळ्यांना सांगतो.

सगळ्यात वाईट भाग हाय-हॅट. तो अर्धा उघडा ठेवायचा म्हटलं की हे पेडल गोंधळतं, एकदम बंद नाहीतर एकदम उघडा. रॉकमध्ये तर निम्मी मजा त्या मधल्या सळसळीत असते. सॅम्पल कितीही भारी आणा, पेडलने सांगितलंच नाही तर सॅम्पल काय करणार? सिंबलचंही तेच, हळू मारत मारत आवाज फुलवायचा तर पायऱ्या ऐकू येतात. शेवटी आम्ही एक दिवस स्टुडिओ घेतला आणि फक्त खरा हाय-हॅट आणि सिंबल रेकॉर्ड केले. हेडफोनमध्ये माझाच ड्रम चालू, आणि समोर ड्रम नाहीतच. स्नेअरच्या जागी हवेत हात मारायचा, कारण तो ठोका नाही घेतला तर हॅटची लय सुटते. स्टुडिओतला पोरगा काचेपलीकडून हसत होता. सहा तासांत आठ गाणी झाली, 9,000 रुपये लागले. अल्बममध्ये जो जिवंतपणा आहे त्यातला बराचसा त्या सहा तासांचा आहे.

बिघाड एकदाच झाला, पण मोठा. एका गुरुवारी वीज जाऊन आली आणि मॉड्यूल चालूच होईना. विक्रेत्याने सांगितलं, मुंबईला पाठवावं लागेल. तेवीस दिवस. परत आलं तेव्हा नुसता अॅडॉप्टर बदललेला होता, जो बुधवार पेठेत तापकीर गल्लीत तासाभरात मिळाला असता. व्होल्ट, अँपियर आणि पिनची दिशा तिघांचं जुळलं की झालं. तेवीस दिवस गिटारवाला आणि मी नुसते चहा पीत बसलो. त्यातच दोन गाण्यांचे शब्द झाले, पण त्याचं श्रेय मी विक्रेत्याला देणार नाही.

घ्यावा का? तुमचा बँड एका खोलीत, एका वेळी जमू शकत असेल तर नका घेऊ. त्या पैशांत जॅमरूमचे शंभरावर तास होतात, आणि चार जणांनी एकमेकांकडे बघत वाजवण्याची सर कशालाच येत नाही. आम्ही जमू शकत नव्हतो. गणपतीच्या आधी ढोलपथकाच्या सरावाने अख्खी नदी दुमदुमत असताना मी बंद खोलीत जाळीवर काठ्या मारत होतो, तेव्हा स्वतःची कीव आली होती, हेही लिहून ठेवतो.

सेट विकणार नाहीये. हाय-हॅटचं पेडल मात्र बदललं, वजनाने खऱ्या स्टँडवर बसणारा दुसरा हॅट घेतलाय, तो पुष्कळ बरा आहे. जुना विकायला काढलाय. पण वर एवढं सगळं लिहून ठेवल्यावर तो कोण घेणार?