कोल्हापुरात राजारामपुरीतलं फॉर्म भरून देणारं दुकान

तलाठी भरतीचा फॉर्म भरायला गेलतो. ताईंनी माझं पदवीचं प्रमाणपत्र ट्यूबलाइटखाली धरलं न् विचारलं, "भावा, हे विद्यापीठ यूजीसीच्या, म्हंजे विद्यापीठ अनुदान आयोगाच्या यादीत हाय काय?" मी गप्प. म्हस विकून फी भरल्याली! त्यांनी तिथंच यादी उघडली. नाव नाहीच. 1956 च्या यूजीसी कायद्याचं कलम 22 समजावलं: कायद्यानं स्थापन झालेली विद्यापीठं, अभिमत (डीम्ड) विद्यापीठं नाहीतर संसदेनं खास अधिकार दिलेल्या संस्था, एवढ्यांनाच पदवी देता येते. "नाशिकच्या मुक्त विद्यापीठाची चालली असती," म्हणाल्या. फॉर्म भरला नाही, पैसेबी घेतले नाहीत. झेरॉक्स तेवढी फिकट येते, आणि दुपारी दीड ते चार शटर खाली.