पंगतीसाठी पत्रावळी: हातची पळस, दाबाची पळस, सुपारी की चंदेरी?

सप्ताहाचा काला असो, यात्रा असो की तेराव्याचं जेवण, आचारी कोण, डाळ किती, गॅसच्या टाक्या किती यावर गावात तासन्‌तास खल होतो. पत्रावळींचा विषय मात्र 'तालुक्याहून येताना चार गठ्ठे टाका गाडीत' इथेच संपतो. मग पाचशेची पंगत बसते, आमटी खालून पाझरायला लागते आणि बोल आचाऱ्याला लागतो, आमटी पातळ केली म्हणून. पत्रावळ ही भाव आणि चकाकी बघून घ्यायची वस्तू नव्हे. जेवणात काय आहे आणि लोक बसून जेवणार की उभ्याने, यावर ती ठरते. बाजारात सर्रास मिळणाऱ्या चार प्रकारांची ही पारख. केळीची पानं दारात असलेल्या कोकणातल्या वाड्यांना यातलं बरंचसं लागू नाही.

चाचणी सगळ्यांना एकच. गठ्ठ्याच्या वरची नव्हे, मधली पत्रावळ ओढून काढा. वर्तमानपत्रावर ठेवा, तीत मूठभर भात आणि ओगराळंभर कढत वरण घाला आणि वीस मिनिटं थांबा. पंगत वाढून, जेवून उठायला साधारण तेवढाच वेळ लागतो. मग पत्रावळ उचलून कागद बघा. एखादा ठिपका चालेल, ओघळ चालणार नाही. दुकानदार गार पाणी ओतून दाखवतो, त्याला भुलू नका. पत्रावळीचा कस लागतो तो कढत आणि तेलकट पदार्थाने.

हातची पळस

पळसाची पानं बांबूच्या बारीक काड्यांनी, म्हणजे चोयांनी, हाताने टाचलेली ही पत्रावळ. बसून जेवायच्या भात-आमटीच्या पंगतीला हिच्यासारखी दुसरी नाही, पण ती चांगली लावलेली हवी, आणि तिथेच सगळी ग्यानबाची मेख आहे. पळसाला पानं तीनच. त्यातलं मधलं मोठं आणि दोन्ही बाजूंनी सारखं, कडेची दोन बुडाशी तिरकी. तळाला मधली पानं वापरलेली असली की सांधे कमी येतात आणि गळती तिथेच निम्मी होते. एका पानाची कड दुसऱ्यावर निदान दोन बोटं चढलेली हवी. पानाची गुळगुळीत बाजू वर आणि लवदार बाजू खाली, हे उलटं असेल तर लावणाऱ्याने घाई केली असं समजा. आतून तळहात फिरवून बघा. बांबूच्या चोयांची टोकं वर आलेली असतील तर ती भातातून तोंडात जातात, आणि पंगतीत लहान मुलं असतातच. जाड शिरा तळाशी आडव्या आल्या असतील तर पत्रावळ जमिनीवर टेकत नाही, डुलत राहते.

हिचा मोठा दोष म्हणजे वाळकी पानं. गठ्ठा कोरडा उघडला की कडा कुरकुरीत होऊन मोडतात आणि चोया सुटतात. आदल्या रात्री गठ्ठे सैल करून पाणी शिंपडा आणि पिळलेल्या ओल्या गोणपाटाखाली झाका. सकाळपर्यंत पान लवचीक होतं. मात्र हौदात बुडवून ठेवू नका. पान काळं पडतं, कुबट वास येतो आणि जेवण एका दिवसाने पुढे गेलं तर बुरशीही धरते. भिजवलेला माल त्याच दिवशी संपला पाहिजे. म्हणून सगळे गठ्ठे एकदम ओले न करता शेवटच्या दोन पंगतींचे कोरडे ठेवा आणि पहिली पंगत बसताना ते शिंपडा.

दुसरी अडचण वाऱ्याची. मैदानात, विशेषतः संध्याकाळी, मोकळी पत्रावळ उडते. सगळ्या पत्रावळी आधी मांडून मग माणसं बसवू नका. माणसं बसवा, पत्रावळी वाटा आणि मागोमाग मीठ-चटणीवाला न पाठवता भाताचा वाढपी धाडा. चिमूटभर मिठाने पान दबत नाही. भात पडला की त्याला आळं करून वरण घ्यायची रीत आहे, तीही उगीच नाही. रस भाताच्या भिंतीत राहतो आणि सांध्यापर्यंत उशिरा पोचतो. नवख्या वाढप्याला हे सांगावं लागतं. तो ओगराळं उंचावरून, नेमकं पानाच्या कडेला रिकामं करतो.

उभ्याच्या जेवणाला ही पत्रावळ अजिबात नको. एका हातावर ती मधोमध वाकते.

दाबाची पळस

पानांचे थर मशीनवर तापवून दाबलेली, बोटभर उंच काठ आलेली, बहुधा खाली पुठ्ठा असलेली. दिसायला नीटस, गठ्ठ्यात आटोपशीर, शिंपडायची कटकट नाही. सतरंजीवर किंवा टेबलावर चांगली चालते. सारवलेल्या किंवा नुकत्या पाणी मारलेल्या जमिनीवर मात्र पुठ्ठा खालून ओल ओढतो आणि जेवण होईतो तळ लगदा होतो. घेताना एक फाडून बघाच. पान आणि पुठ्ठ्याच्या मध्ये ताणली जाणारी पातळ कातडीसारखी फिल्म निघाली तर ते प्लास्टिक आहे, वर 'पर्यावरणपूरक' असं कितीही छापलेलं असो.

सुपारी

पोफळीच्या, म्हणजे सुपारीच्या झाडाच्या, झावळीचा बुंध्याकडचा रुंद भाग धुऊन, भिजवून, तापलेल्या साच्यात दाबला की ही पत्रावळ होते. वेगळा सांधा नाही म्हणून गळतीही नाही. रश्श्याच्या जेवणाला आणि खानदेशात वरण-बट्टीला ही पहिली पसंती. बट्टी ताटातच चुरायची, त्यावर वरण आणि तूप ओतायचं, हाताने रगडायचं, एवढं दांडगेपण हाताने लावलेलं पान सोसत नाही. व्यासाने दहा इंची आणि बारा इंची असे दोन आकार प्रामुख्याने मिळतात. भाकरी किंवा बट्टी असेल तर बाराच घ्या. दहा इंचीत भाकरी काठावर चढते आणि रस्सा भाकरीवरून मांडीवर येतो. खण पाडलेली तर घेऊच नका. भाताचा खण आपल्याकडच्या जेवणाऱ्याला पुरत नाही आणि कालवायला जागा राहत नाही.

तपकिरी रेघा आणि डाग हे झावळीचेच रंग, त्याला हरकत नाही. हिरवट-काळे, बोटाला पूड लागणारे डाग म्हणजे बुरशी. पावसाळ्यात गोदामात पडून राहिलेल्या मालात हे हमखास सापडतं, तेव्हा प्रत्येक गठ्ठ्यातली निदान एक पत्रावळ नाकाला लावून बघा. पुसून, उन्हात टाकून वापरायचा विचार करू नका. नीट न वाळवता दाबलेल्या पत्रावळी पिळवटतात. सपाट फरशीवर ठेवून टिचकी मारली की टकटक हलतात. शेकडा पाचाहून जास्त अशा निघाल्या तर गठ्ठा परत करा. अमेरिकेच्या अन्न व औषध प्रशासनाने २०२५ मध्ये सुपारीच्या पत्रावळींवर आक्षेप घेतला आहे. सुपारीतली अल्कलॉइड द्रव्यं अन्नात उतरू शकतात, हे त्यामागचं कारण. वर्षातून दोन-चार जेवणांसाठी आम्ही ती बाद करणार नाही, पण रोजच्या अन्नछत्राला स्टीलचं ताट बरं.

चंदेरी डिश

सर्वांत स्वस्त, सर्वांत चकचकीत, आणि घेऊ नये अशी. कागदावर चढवलेला चंदेरी थर प्लास्टिकचा असतो. कढत रश्श्याने तो कडेला सुटतो, खालचा कागद भिजतो आणि डिश मधून दुमडते. राज्यात थर्माकोल आणि एकदा वापरून फेकायच्या प्लास्टिकच्या ताट-वाट्यांवर २३ मार्च २०१८ पासून बंदी आहे आणि जुलै २०२२ मध्ये प्लास्टिकचा थर असलेल्या कागदी डिशही तिच्या कक्षेत आल्या. पहिल्या वेळचा दंड ५,००० रुपये, दुसऱ्या वेळचा १०,०००, तिसऱ्याला २५,००० आणि तीन महिन्यांची कैद. तरी दुकानात मिळतातच. दंड बाजूला ठेवला तरी दुसऱ्या दिवशी उष्ट्याच्या वासाने गुरं त्या खातात, एवढं कारण पुरे आहे.

आणि स्टीलचं ताट?

देवस्थानाकडे किंवा बचत गटाकडे ताटांचा संच असेल तर खर्चात त्याच्या जवळ काही येत नाही, पण पाणी आणि माणसं हवीत. घासायला तीन टपं लागतात: उष्टं काढलेलं ताट बुडवायला एक, घासायला एक, विसळायला स्वच्छ पाण्याचं एक. तिसऱ्यातलं पाणी तेलकट झालं की लगेच बदलायचं, इथेच सगळे कंटाळा करतात. टँकरवर असलेल्या गावाने या फंदात पडू नये. तिथे लोकांनी घरून ताट-तांब्या आणायची जुनी पद्धत अजूनही उत्तम.

द्रोण मात्र कुठल्याही पत्रावळीसोबत तळ सपाट असलेलेच घ्या. टोकदार बुडाच्या द्रोणाला प्रत्येकाला खडा शोधावा लागतो आणि मठ्ठा निम्मा जमिनीत जातो.

मागणी नोंदवताना माणसांच्या संख्येवर दहा टक्के वाढीव धरा. हातच्या पळसाला पंधरा, कारण फाटक्या निघतात आणि पातळ लागली की लोक दोन एकावर एक घेतात. गठ्ठा शंभराचा म्हणून देतात, तो एकदा तरी मोजून घ्या.

जेवण उरकल्यावर पळस थेट उकिरड्यात जाते आणि चोयांसकट कुजते. सुपारीची तशी टाकली तर एकात एक बसलेल्या गठ्ठ्यातल्या मधल्या पत्रावळी पुढच्या यात्रेपर्यंत कोरड्याच सापडतील. त्या पायाने मोडायच्या, खड्ड्यात पसरायच्या आणि खरकट्याच्या पाण्यासकट वर शेणकाला ओतायचा.