विचार खोडायचा की सोबत घेऊन चालायचं? सीबीटी आणि ॲक्ट, विदर्भातल्या गावातून पाहताना

रात्री दोनला झोप मोडते, छातीत धडधडतं, डोकं तेच ते दळत राहतं. मग आशाताई किंवा शहरात शिकणारा भाचा सांगतो की यावर नुसत्या गोळ्याच नसतात, बोलूनही उपचार होतो. पुढचा प्रश्न असा की कोणता? जिल्ह्याच्या ठिकाणी मानसतज्ज्ञाकडे गेलात तर बहुतेक वेळा सीबीटीचं, म्हणजे कॉग्निटिव्ह बिहेविअरल थेरपीचं, नाव निघेल. मोबाइलवर शोधलंत तर ॲक्ट, म्हणजे ॲक्सेप्टन्स अँड कमिटमेंट थेरपी, हे नावही समोर येईल. दोन्ही अभ्यासातून तपासलेल्या पद्धती आहेत. पण माणसाच्या मनात येणाऱ्या विचाराशी दोघी फार वेगळ्या वागतात.

माझं मत आधीच सांगते. ज्याचं दुःख खऱ्या परिस्थितीतून आलं आहे त्याने ॲक्टकडे जावं, आणि ज्याचं मन त्याला नसलेलं दाखवतं आहे त्याने सीबीटीकडे. गुंता असा की एकाच माणसाच्या डोक्यात दोन्ही असतात.

सीबीटी अमेरिकेतल्या ॲरन बेक यांनी १९६० च्या दशकात मांडली. नैराश्यातल्या माणसांच्या मनात काही विचार आपोआप उमटतात, ते बरेचदा एकांगी असतात, आणि माणूस ते तपासून न पाहता खरे मानतो, हे त्यांच्या लक्षात आलं. त्याआधी, १९५५ साली, अल्बर्ट एलिस यांनी याच वळणाचा विवेकनिष्ठ मानसोपचार सुरू केला होता. कि. मो. फडके यांच्यामुळे मराठी वाचकांना तो बऱ्यापैकी परिचयाचा आहे. ॲक्ट त्यानंतरची. नेवाडा विद्यापीठातले स्टीव्हन हेज यांनी ती १९८० च्या दशकात घडवायला सुरुवात केली आणि १९९९ साली दोन सहकाऱ्यांसोबत तिची सविस्तर मांडणी केली.

आता एकच माणूस घेऊ आणि दोन्ही पद्धती त्याच्या शेजारी बसवू. पाच एकर कोरडवाहू वावर, अर्ध्यात कापूस, अर्ध्यात सोयाबीन. सोंगणीच्या तोंडावर पाऊस झाला आणि शेंगांना उभ्या झाडावरच कोंब फुटले. बँकेचं पीककर्ज आहे, वर कृषी केंद्राची उधारी. त्याच्या डोक्यात फिरतं ते असं: "यंदाबी कर्ज फिटत नाही. माह्यानं घर बुडालं. लोकं मांगून हासतेत."

सीबीटीवाला समुपदेशक ही तीन वाक्यं वेगवेगळी लिहायला लावेल. विचार कोणता, तो कधी आला, तेव्हा काय वाटलं, त्याच्या बाजूचा पुरावा काय, विरुद्ध पुरावा काय. तिसऱ्या वाक्यावर ही पद्धत छान चालते. कोण हसलं? कुठे? पारावरचे लोक हसले तेव्हा विषय तुमचाच होता, हे कशावरून? पुढच्या आठवड्यात बाजारात जा, चार ओळखीच्यांशी बोला आणि काय झालं ते लिहून आणा. बरेचदा कळतं की हसणारं कुणी नव्हतं, जो तो आपल्याच शेंगांच्या काळजीत होता. दुसऱ्या वाक्याचंही तसंच. घर बुडालं त्यात पाऊस किती, भाव किती, आजारपणाचा खर्च किती आणि तुमचा हात किती, हे कागदावर वाटून पाहिलं की सगळा दोष स्वतःच्या माथ्यावर घेतलेला माणूस जरा मोकळा होतो.

पण पहिलं वाक्य? कर्ज खरंच फिटणार नाही. त्याला विरुद्ध पुरावा नाही. चांगला सीबीटी समुपदेशक खऱ्या विचाराला खोटं पाडायला जात नाही, तो प्रश्न सोडवण्याकडे वळतो: पुनर्गठनाचा अर्ज, पंचनामा, विम्याची तक्रार. घाईतला समुपदेशक मात्र "सकारात्मक विचार करा, भाऊ" म्हणून मोकळा होतो, आणि समोरच्याला वाटतं की ह्याला आपलं काहीच समजलं नाही. अशी माणसं पुन्हा येत नाहीत. सीबीटीचा हा दोष नव्हे, पण अर्धवट शिकलेल्या सीबीटीचा धोका नक्की आहे.

ॲक्ट इथे वेगळ्या दारातून येते. विचार खरा की खोटा, हा प्रश्नच ती बाजूला ठेवते आणि विचारते की हा विचार आला की तुम्ही काय करता, आणि त्यातून तुमचं आयुष्य कुठे जातं? माणूस सांगू लागतो. फोन बंद करून ठेवतो. बँकेच्या रस्त्याने जात नाही. बाजारात जाणं सोडलं. संध्याकाळी थोडी घेतो म्हणजे झोप लागते. पोरीने वही आणली की चिडतो. यातल्या प्रत्येक गोष्टीने तासभर बरं वाटतं आणि महिन्याभरात जग आणखी लहान होतं. नकोशी भावना टाळण्याच्या धडपडीतच माणूस अधिक अडकतो, हे ॲक्टचं मुख्य म्हणणं. मनातून विचार हाकलायला गेलं की तो उलट येत राहतो, हे डॅनियल वेग्नर यांनी १९८७ सालच्या प्रयोगात दाखवलं होतं. पांढऱ्या अस्वलाचा विचार करू नका असं सांगितलेल्या लोकांच्या मनात ते अस्वल पुन्हा पुन्हा येत राहिलं.

मग ॲक्ट काय करायला सांगते? आधी विचारापासून वीतभर अंतर. "कर्ज फिटणार नाही" याऐवजी "कर्ज फिटणार नाही असा विचार आत्ता माझ्या मनात आला आहे" असं मनात म्हणायचं. ऐकायला किरकोळ वाटतं, पण सावकाश चार-पाचदा म्हणून पाहा. मग छातीतली धडधड नेमकी कुठे आहे, गरम आहे की जड, ते न पळता पाहायचं, श्वास सोडायचा आणि तिला राहू द्यायचं. पायाखालची जमीन, समोरचं झाड, हातातली दोरी यांकडे लक्ष आणायचं. ॲक्टमध्ये यासाठी बसचं उदाहरण देतात, ते आपण एसटीचं समजू. तुम्ही चालक आहात. मागचे प्रवासी ओरडतात, शिव्या देतात, वळ म्हणतात. त्यांना उतरवायला गाडी थांबवली तर गाडी तिथेच उभी राहते. त्यांचं ऐकून वळलात तर वणीला निघालेली गाडी भलतीकडेच जाते. ते ओरडत असतानाही वणीच्या रस्त्याला राहणं, एवढं चालकाच्या हातात असतं.

वणी म्हणजे काय, हे ठरवणं ॲक्टचा मला सर्वांत मोलाचा वाटणारा भाग आहे. कर्ज फेडणं हे उद्दिष्ट झालं, ते पाऊस आणि भावावर टांगलेलं. पोरीला वेळ देणारा बाप असणं, उधारीवाल्यासमोर खरं बोलणारा माणूस असणं, ही दिशा झाली. त्या दिशेने बिनपावसाच्या दिवशीही पाऊल टाकता येतं. म्हणून ॲक्टमधला समुपदेशक शेवटी अगदी छोटी गोष्ट ठरवून घेतो: आज संध्याकाळी अर्धा तास वहीजवळ बसायचं, डोक्यात कर्ज असलं तरी. सोमवारी बँकेत जायचं, पाय जड झाले तरी.

इथे एक गोष्ट ठासून सांगायला हवी. स्वीकार म्हणजे नशिबाला शरण जाणं नव्हे. गावात आधीच सगळे सांगत असतात, "जाऊ दे रे बाबू, देवावर सोड." ॲक्ट तसं सांगत नाही. स्वीकार मनात उमटणाऱ्या भीतीचा, लाजेचा, दुःखाचा करायचा असतो. विम्याची न मिळालेली भरपाई, कमी दाखवलेलं नुकसान, मारहाण करणारा नवरा, हे स्वीकारायच्या यादीत येतच नाही. तिथे भीती सोबत घेऊन भांडायचं असतं. कुणी समुपदेशक ॲक्टच्या नावाखाली तुम्हाला अन्याय गिळायला सांगत असेल, तर तो उपचार चुकीचा चालला आहे.

बचत गटातल्या बायकांशी बोलताना मला ॲक्टची बाजू आणखी एका कारणाने पटते. जिचा माणूस गेला तिच्या दुःखात चुकीचा विचार शोधायचा तरी कुठे? "आता घरात त्यांचा आवाज नाही" हे वाक्य तपासायचं नसतं. त्या दुःखाला जागा देत सासूचं, लेकरांचं, वावराचं पाहायचं असतं. पण तीच बाई "मी त्या दिवशी घरी असते तर ते वाचले असते" असं रोज स्वतःला सुनावत असेल, तर तिथे सीबीटीचा कागद-पेन खरोखर उपयोगी पडतो.

अभ्यास काय सांगतात? २०१५ साली ॲक्टवरच्या ३९ चाचण्या एकत्र पाहिल्या गेल्या. उपचाराची नुसती वाट पाहण्यापेक्षा आणि नेहमीच्या उपचारापेक्षा ॲक्ट सरस ठरली, सीबीटीशी तुलना केली तेव्हा मात्र ठळक फरक दिसला नाही. जुनाट अंगदुखी, कंबरदुखीसोबत जगणाऱ्यांसाठी ॲक्टचा पुरावा भक्कम आहे, आणि वर्षानुवर्षं निंदण-वेचणी केलेल्या बायकांसाठी ही बारीक बाब नाही. नैराश्यासाठी मात्र सीबीटीवरचं काम कितीतरी जास्त आणि जुनं आहे. म्हणून "ॲक्ट नवी, म्हणून चांगली" असं कुणी म्हणालं तर मानू नका.

गावाकडून पाहताना आणखी एक फरक जाणवतो, तो लिहिण्याचा. सीबीटीत वहीचं काम बरंच असतं आणि साधारण १२ ते १६ बैठका ठरतात. लिहिण्याची सवय नसलेल्याला ते परीक्षेसारखं वाटतं. ॲक्टचे बरेच सराव ऐकून आणि करून शिकता येतात. जागतिक आरोग्य संघटनेने ॲक्टवर बेतलेला पाच सत्रांचा एक कार्यक्रम तयार केला आहे, तो ध्वनिमुद्रित आवाजावर चालतो, तीसेक माणसांच्या गटात घेता येतो आणि घेणारा तज्ज्ञ असावा लागत नाही. युगांडात दक्षिण सुदानमधून आलेल्या निर्वासित बायकांवर त्याची चाचणी झाली आणि निष्कर्ष २०२० साली आले. मनाचा त्रास कमी झाला. तीन महिन्यांनी हा फायदा घटला होता, पण टिकून होता. समाजमंदिरात बसून ऐकता येईल असं हे काम आहे.

उलट बाजूही सांगते. ॲक्टमधला काही भाग अवघड आहे. "विचार पाहणारा तो मी" ही कल्पना पहिल्याच बैठकीत सांगितली तर माणूस गोंधळतो. गुरुदेव सेवा मंडळाच्या सामुदायिक ध्यानात बसणाऱ्यांना हे लवकर उमगतं असं मला वाटतं, कारण बसून स्वतःकडे पाहण्याची त्यांना सवय असते. मात्र ॲक्टचा सराव शांत वाटावं म्हणून करायचा नसतो. अशांत असतानाही हातातलं काम करता यावं म्हणून करायचा असतो. शांततेची वाट पाहणारा माणूस आठवड्याभरात "माह्याच्यानं जमत नाही जी" म्हणून सोडून देतो.

अचानक येणारी घबराट, गर्दीची किंवा एसटीत बसायची भीती, पुन्हा पुन्हा हात धुण्यासारखी सक्ती, यांसाठी मी सीबीटीच सुचवेन. त्यात भीतीच्या गोष्टीला टप्प्याटप्प्याने सामोरं जाण्याची पद्धत बांधेसूद आहे.

गोळ्यांचं थोडक्यात. भूक गेली, वजन उतरलं, उठवत नाही, कामाला हात लागत नाही, अशी अवस्था दोन आठवड्यांहून जास्त असेल तर आधी डॉक्टर. नैराश्याच्या गोळीचा परिणाम दिसायला काही आठवडे लागतात, आणि ती मनाने बंद करायची नसते. औषधाच्या दुकानातून चिठ्ठीशिवाय आणलेल्या झोपेच्या गोळ्या वेगळ्या, त्यांची सवय लागते. गोळी चालू असताना सीबीटी किंवा ॲक्ट दोन्ही घेता येतात.

जीव नकोसा झाला असेल, मरणाचे विचार येत असतील, तर ही तुलना बाजूला ठेवा. त्याच दिवशी घरातल्या एकाला सांगा, फवारणीचं औषध दुसऱ्याच्या कुलपात द्या आणि १४४१६ या टेली-मानस, म्हणजे सरकारी मानसिक आरोग्य मदतवाहिनीच्या, क्रमांकावर फोन करा. तो मोफत आहे, रात्रीही चालतो. धोका समोरच असेल तर थेट दवाखाना.

समुपदेशक जवळ कुठे मिळेल? जिल्हा रुग्णालयाचा मनोविकार विभाग, सेवाग्राम, सावंगी किंवा यवतमाळचं वैद्यकीय महाविद्यालय, आणि जिल्हा मानसिक आरोग्य कार्यक्रमाची तालुक्याच्या ठिकाणची तपासणी. अमरावती जिल्ह्यातल्या ३० गावांत 'विश्राम' हा मानसिक आरोग्याचा प्रकल्प झाला तेव्हा नैराश्य असलेल्यांपैकी मदतीपर्यंत पोहोचणाऱ्यांचं प्रमाण १८ महिन्यांत ४.३ टक्क्यांवरून २७.२ टक्क्यांवर गेलं, आणि त्यात गावपातळीवरच्या प्रशिक्षित कार्यकर्त्यांचा मोठा वाटा होता. म्हणजे मोठी पदवी नसलेला, पण नीट शिकवलेला माणूसही उपयोगी पडतो.

ॲक्ट शिकलेला माणूस जवळपास मिळणं कठीण, सीबीटीवाला त्यामानाने सापडतो. म्हणून पहिल्या भेटीत पद्धतीचं नाव विचारण्यापेक्षा आपलं सर्वांत खरं आणि सर्वांत जड वाक्य त्याच्यासमोर ठेवा आणि तो त्याचं काय करतो ते पाहा. तो लगेच तुमची समजूत घालू लागला तर दुसरा शोधा. "हे खरं आहे, मग यासोबत उद्या काय करायचं?" असं त्याने विचारलं, तर नाव कोणतंही असो, दुसऱ्या भेटीची तारीख घेऊनच निघा, आणि त्या दिवशी कापूस वेचणी असेल तर ते आधीच सांगून ठेवा, म्हणजे चुकणार नाही.