शाळा न्यायाधिकरण: परिविक्षाधीन शिक्षकाला आधार, अकरा महिन्यांच्या आदेशावर असलेल्याला अवघड

खासगी शाळेत 'उद्यापासून येऊ नका' असं ऐकलं की बहुतेक शिक्षक अर्ज घेऊन शिक्षणाधिकाऱ्यांकडे धावतात. तिथे अर्जावर शिक्का मिळतो, सुनावणीचं आश्वासन मिळतं आणि दिवस निघून जातात. शिक्षणाधिकारी कामावर परत घ्या असा आदेश देऊ शकत नाहीत. तो अधिकार शाळा न्यायाधिकरणाला, म्हणजे खासगी शाळांतल्या कर्मचाऱ्यांची अपिलं ऐकणाऱ्या न्यायपीठाला आहे, आणि तिथे अपील करायला आदेश हातात पडल्यापासून फक्त ३० दिवस मिळतात. पटण्याजोगं कारण असेल तर उशीर माफ होतो, पण 'शिक्षणाधिकाऱ्यांच्या उत्तराची वाट पाहत होतो' या एका कारणावर विसंबून राहू नये.

महाराष्ट्रातल्या खासगी शाळांसाठी १९७७ चा सेवाशर्ती कायदा आहे, ज्याला शिक्षक एमईपीएस म्हणतात. त्याखालचे नियम १९८१ चे. शाळा अनुदानित असो वा विनाअनुदानित, मान्यता असली की न्यायाधिकरणाचं दार उघडं. शिक्षकाइतकंच लिपिक आणि शिपाई यांनाही. जिल्हा परिषद आणि पालिकेच्या शाळा यात येत नाहीत. पीठासीन अधिकारी न्यायिक सेवेतले असतात, त्यामुळे कागद नीट वाचले जातात. ही न्यायाधिकरणाची सर्वात जमेची बाजू आहे.

दुसरी जमेची बाजू परिविक्षाधीन, म्हणजे कायम होण्याआधी काम पारखण्याच्या मुदतीत असलेल्या कर्मचाऱ्यासाठी. कायम रिक्त पदावर नेमलेल्याची परिविक्षा दोन वर्षांची, शिक्षण सेवकाची (सुरुवातीला मानधनावर नेमलेल्या शिक्षकाची) तीन. मुदत पूर्ण झाली की तो कायम झाला असं कायदाच मानतो, वेगळं पत्र लागत नाही. म्हणून सर्वात आधी नेमणुकीची तारीख आणि सेवासमाप्तीची तारीख शेजारी शेजारी लिहून पाहावी. मुदत उलटून गेल्यावर आलेलं 'परिविक्षा समाधानकारक नाही' हे पत्र फार तग धरत नाही.

मुदतीच्या आत काढायचं तर कलम ५(३) लागतं: काम किंवा वर्तन असमाधानकारक आहे असं व्यवस्थापनाचं मत, आणि एक महिन्याची नोटीस किंवा एक महिन्याचा पगार. संस्थांचा समज असा की पगाराचा धनादेश जोडला की झालं. तसं नाही. नियम १५ प्रमाणे परिविक्षेतल्या कामाचं वस्तुनिष्ठ मूल्यमापन मुख्याध्यापकांनी करायचं असतं आणि त्याची नोंद ठेवायची असते. प्रोग्रेसिव्ह एज्युकेशन सोसायटीच्या २००८ च्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने कलम ५(३) आणि नियम १५ एकत्र वाचले, आणि संस्थेचं समर्थन तिथेच कोसळलं. त्यामुळे अपिलात पहिली मागणी हवी ती गोपनीय अहवाल आणि मूल्यमापनाच्या नोंदी हजर करण्याची. अनुदानित शाळा असेल तर त्याच दिवशी माहिती अधिकारातही अर्ज टाकावा. उत्तराची वाट मात्र पाहू नये, कारण त्यालाही ३० दिवसांची मुदत असते आणि तेवढ्यात अपिलाची संपते.

सेवासमाप्तीच्या पत्रात गैरवर्तनाचा आरोप असेल, तर प्रकरण साध्या सेवासमाप्तीचं राहत नाही. परिविक्षाधीनालासुद्धा डाग लावून काढायचं असेल तर आधी रीतसर चौकशी हवी. पत्राचं प्रत्येक वाक्य या नजरेने वाचावं.

आता कमकुवत बाजू. 'दिनांक १० जून ते १० मे, निव्वळ तात्पुरती' अशा आदेशावर पाच-पाच वर्षं शिकवणारे शिक्षक न्यायाधिकरणात येतात आणि पुष्कळ वेळा रिकाम्या हाताने परततात. कलम ५(५) व्यवस्थापनाला तात्पुरती जागा ठरावीक मुदतीसाठी भरू देतं, आणि मुदत संपली की नेमणूक आपोआप संपते. हिंदुस्थान एज्युकेशन सोसायटीच्या १९९७ च्या निकालात आदेश अकरा महिन्यांचा होता, जागा रिक्त होती, तरी सर्वोच्च न्यायालयाने नेमणूक तात्पुरतीच धरली. हा निकाल संस्थेचे वकील पहिल्याच तारखेला पुढे करतात.

त्याला उत्तर कागदांनीच द्यावं लागतं. पद संचमान्यतेत (शाळेला मंजूर पदांच्या सरकारी यादीत) मंजूर होतं का? जाहिरात निघाली का? अतिरिक्त (दुसऱ्या शाळांत जादा ठरलेल्या) शिक्षकांबाबत शिक्षणाधिकाऱ्यांकडे विचारणा झाली होती का? नेमणुकीच्या दिवशी पूर्ण अर्हता होती का, जिथे लागते तिथे टीईटी (शिक्षक पात्रता परीक्षा) सुद्धा? आणि बिंदुनामावलीत (कोणतं पद कोणत्या प्रवर्गासाठी राखीव हे दाखवणाऱ्या नोंदवहीत) ते पद कोणत्या प्रवर्गाचं? हा शेवटचा प्रश्न फार घात करतो. राखीव पदावर मागास प्रवर्गातला उमेदवार मिळाला नाही तर नियम ९ प्रमाणे ते पद इतराला वर्षा-वर्षापुरतं देता येतं, आणि तशी नेमणूक कितीही वर्षं चालली तरी परिविक्षा होत नाही. वकिलाची फी भरण्याआधी बिंदुनामावलीची प्रत पाहावी.

वैयक्तिक मान्यता (त्या नेमणुकीला शिक्षण विभागाची मंजुरी) मिळाली नाही म्हणून मात्र खचू नये. सेंट उलाई हायस्कूल प्रकरणात मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठाने स्पष्ट केलं आहे की शिक्षण विभागाची मान्यता नसणं एवढ्यावरून नेमणूक बेकायदा ठरत नाही.

तात्पुरत्या कर्मचाऱ्याच्या हातात नियम २८ उरतो. मुदतीआधी काढताना कारण सांगावं लागत नाही, पण एका कॅलेंडर महिन्याची नोटीस किंवा पगार द्यावाच लागतो. सुट्टीचा हक्क असलेल्याला ती नोटीस सुट्टीत, सुट्टीचा कोणताही भाग येईल अशी, किंवा सुट्टीनंतर महिन्याभरात देता येत नाही. एप्रिलच्या मध्याला हातात पडणारी पत्रं इथे अडकतात.

लेखी आदेशच दिला नाही तर? मस्टरवर सही करू दिली नाही त्याच दिवशी संस्थेला आणि मुख्याध्यापकांना रजिस्टर्ड पोस्टाने कळवावं, प्रत शिक्षणाधिकाऱ्यांना द्यावी आणि ३० दिवस त्याच तारखेपासून मोजावेत. तुम्ही राजीनामा दिला असं संस्था म्हणाली, तर कलम ७ दाखवावं: राजीनामा दोन प्रतींत, दोन्हींवर सही आणि तारीख, एक प्रत रजिस्टर्ड पोस्टाने संस्थेला, दुसरी स्वतःकडे. नोकरी लागताना कोऱ्या कागदावर घेतलेली सही या कसोटीला उतरत नाही.

अपिलात बहुतेक जण एक वाक्य विसरतात: 'काढल्यानंतर मी कुठेही पगारी नोकरीत नाही.' क्रांती ज्युनिअर अध्यापक महाविद्यालयाच्या २०१३ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की कर्मचाऱ्याने असं म्हटलं, की ते खोटं असल्याचं सिद्ध करण्याचा भार मालकावर जातो. त्या शिक्षिकेला पूर्ण थकीत वेतन मिळालं. हे वाक्य नसेल तर नोकरी परत मिळूनही मधल्या वर्षांचं वेतन हुकू शकतं. परत घेणं शक्य नसेल तिथे न्यायाधिकरण भरपाई देऊ शकतं: दहा वर्षं किंवा जास्त सेवेला बारा महिन्यांचा पगार, कमी सेवेला सहा.

वेगाबाबत निराशा आहे. तीन महिन्यांत निकालाचा प्रयत्न करावा असं कायदा म्हणतो. क्रांती महाविद्यालयाच्या प्रकरणातली सेवासमाप्ती २००७ ची, न्यायाधिकरणाचा निकाल २००९ चा आणि शेवटचा शब्द २०१३ चा. न्यायाधिकरणाचा निर्णय अंतिम असला तरी संस्था रिट याचिका करतेच, तेव्हा उच्च न्यायालयात कॅव्हेट (आपलं ऐकल्याशिवाय आदेश देऊ नये असा अर्ज) निकालाच्या आठवड्यातच दाखल करावं.

अंमलबजावणीत अनुदानित शाळेला धाक असतो, कारण देणी अनुदानातून कापावीत अशी शिफारस न्यायाधिकरण शासनाला करू शकतं. विनाअनुदानित संस्थेला तो धाक नाही. तिथे आदेश न पाळल्याबद्दलची शिक्षेची तरतूद वापरावी लागते. त्यासाठी निकालाची प्रमाणित प्रत घेऊन शाळेत जावं, रुजू अहवाल लेखी द्यावा, घेतला नाही तर त्याच दिवशी पोस्टाने पाठवावा आणि पोचपावती जपून ठेवावी.