गेमचा कोड कुठून घ्यावा? गावाकडच्या पोरांसाठी आणि पैसे देणाऱ्या घरच्यांसाठी

दिवाळीच्या आगेमागे सोयाबीनचे चुकारे हाती आले की आर्वीजवळच्या माझ्या छोट्या कॉम्प्युटरच्या दुकानात एक प्रश्न हमखास येतो. पोट्टं पुढे, बाप मागे, पोट्ट्याच्या हातात फोन आणि फोनवर दोन भाव. "भाऊ, हाच गेम इथं दोन हजाराले हाय अन् तिथं सहाशेले. मग सहाशेवालाच घेऊ ना?"

दोन्हीकडे गेम एकच असला तरी हातात पडणारी वस्तू वेगळी असते. सहाशेला मिळतो तो ॲक्टिव्हेशन कोड. बाजार समितीत कापूस मोजल्यावर काटापट्टी मिळते ना, तसा. पट्टी खिडकीवर दिली, नोंद झाली, की त्या कागदाचं काम संपलं. पुढे जे काही आहे ते वहीतल्या नावावर. गेमचंही तसंच. कोड स्टीममध्ये, म्हणजे कॉम्प्युटरचे गेम विकणाऱ्या ऑनलाइन दुकानात, टाकला की गेम तिथल्या तुमच्या खात्यावर चढतो. मग तो दुसऱ्या खात्यावर हलवता येत नाही, विकता येत नाही आणि तोच कोड पुन्हा चालत नाही. म्हणून भाव बघण्याआधी मी विचारतो, खातं कोणाचं आहे?

बरेचदा उत्तर येतं, "मित्राचं", नाहीतर "मोबाईलवाल्यानं बनवून देल्लं". गेल्या उन्हाळ्यात असाच एक मुलगा आला होता. चार गेम, सगळे पैसे देऊन घेतलेले. खातं ज्या नंबरवर होतं ते सिम रिचार्ज न केल्यामुळे बंद पडलेलं, आणि ई-मेल ज्यानं उघडून दिला तो पुण्याला कंपनीत लागलेला. पासवर्ड त्यालाही आठवेना. दोन दिवस आम्ही त्यावर बसलो. एका गेमचे पैसे त्याच्या वडिलांच्या यूपीआयवरून गेले होते, त्या व्यवहाराचा पुरावा पाठवल्यावर खातं परत मिळालं. बाकी तीन गेमचे कोड रोखीनं घेतलेले होते, त्यांचा कागदाचा कपटाही जवळ नव्हता. तो एक पुरावा नसता तर चारही गेम गेले होते.

तर स्वतःचा ई-मेल, घरात कायम चालू राहणारा नंबर आणि वहीत लिहून ठेवलेला पासवर्ड. एवढं झालं की पुढचं वाचा.

थेट स्टोअरमधून

स्टीमवर २०१५ पासून रुपयांत भाव दिसतात आणि यूपीआयनं पैसे भरता येतात. इथं कोड हातात येतच नाही, गेम सरळ खात्यावर चढतो. महाग वाटतो, पण सोबत परताव्याची सोय येते: घेतल्यापासून १४ दिवसांच्या आत आणि २ तासांपेक्षा कमी खेळला असाल, तर पैसे परत मागता येतात. बाहेरून आणलेल्या कोडवर स्टीम हा परतावा देत नाही.

आणखी एक गोष्ट फार जणांना माहीत नसते. ज्या खात्यातून स्टीमवर किमान ५ डॉलरइतका खर्च झालेला नाही, ते खातं मर्यादित राहतं आणि त्यावरून मित्राला रिक्वेस्ट पाठवता येत नाही. बाहेरच्या कोडचे पैसे या खर्चात धरले जात नाहीत. अमरावतीला होस्टेलवर असलेल्या भावासोबत खेळायचं म्हणून कोड आणायचा आणि भावालाच ॲड करता येऊ नये, यात अडकलेली पोरं माझ्याकडे आलेली आहेत.

पण परताव्याचं आपल्या इकडचं गणित वेगळं पडतं, ते नीट बघा. समजा गेम ६० जीबीचा आहे आणि तुमचा पॅक रोज दीड जीबीचा. सगळा डेटा गेमलाच दिला, घरच्यांचं व्हॉट्सॲपही बंद ठेवलं, तरी ४० दिवस लागतात. १४ दिवसांत उतरतात २१ जीबी. म्हणजे गेम आपल्या लॅपटॉपवर चालतो की नाही हे कळायच्या आधीच परताव्याची मुदत निघून जाते, कारण दिवस मोजतात ते पैसे भरल्यापासून. ज्या गावात फायबर किंवा ५जी पोचलेलं नाही, तिथं आधी डाउनलोडची सोय लावा आणि मगच पैसे भरा.

सोय लागते. ज्या मित्राकडे तोच गेम आहे, त्याच्या स्टीममधून बॅकअप काढून हार्ड डिस्कवर आणता येतो. फायली कोणाच्याही चालतात, परवाना तेवढा तुमच्या खात्यावर हवा. दोन्ही लॅपटॉप एकाच वायफायवर असतील तर २०२३ पासून स्टीम एकावरून दुसऱ्यावर गेम थेट पाठवूही देतं, त्याला इंटरनेटचा डेटा जवळजवळ लागत नाही. शनिवारी माझ्या दुकानात मागच्या बाकावर दोन-तीन पोरं चार्जर लावून बसलेली दिसतात, ती याचसाठी. लाईन गेली तरी घाबरू नका. डाउनलोड जिथं थांबलं तिथून पुढे सुरू होतं.

ज्यांच्या गावात नेटवर्क झाडाखाली जाऊन धरावं लागतं, त्यांना मी जीओजी हे स्टोअर सुचवतो. तिथल्या गेमची इन्स्टॉल करायची फाईल तुम्हाला स्वतःजवळ ठेवता येते. तालुक्याला येऊन एकदा उतरवली, पेन ड्राइव्हवर घरी नेली, की एकट्यानं खेळायचा गेम नेटशिवाय चालतो. परताव्याची मुदतही ३० दिवस आहे. नवे मोठे गेम स्टीमइतके मिळत नाहीत, पण जुने चांगले गेम भरपूर आहेत आणि ते जुन्या लॅपटॉपवर पळतात. साध्या मशीनवाल्यासाठी माझी पहिली पसंती हीच.

कोड विकणाऱ्या साइट

यांत सरळ दोन प्रकार आहेत आणि फसगत होते ती दोघांना एक समजल्यामुळे.

हंबल, फॅनॅटिकल, ग्रीन मॅन गेमिंग या साइट कोड गेमच्या कंपन्यांकडून घेतात. सेलमध्ये भाव स्टीमपेक्षा कमी पडू शकतो आणि कोड खरा असतो. दुसऱ्या प्रकारच्या जागा, म्हणजे जीटूए किंवा किंग्विन, या आठवडी बाजारासारख्या आहेत. साइट फक्त ओटा देते, त्यावर कोण बसलंय आणि त्यानं माल कुठून आणला, हे तुम्हाला दिसत नाही. काही कोड गठ्ठ्यात स्वस्त मिळालेले असतात, काही कमी भावाच्या देशातून आणलेले. आणि काही चोरीच्या कार्डावर घेतलेले. कार्डाचा खरा मालक बँकेत तक्रार करतो, कंपनीचे पैसे परत जातात, मग कंपनी तो कोड रद्द करते. तोवर कोड तुमच्या खात्यात पडलेला असतो; एक दिवस स्टीम उघडता आणि गेम लायब्ररीतून नाहीसा.

ही नुसती शंका नाही. फॅक्टोरिओ हा गेम बनवणाऱ्या वूब या कंपनीच्या तक्रारीवरून तपासणी झाली तेव्हा त्या गेमचे चोरीचे १९८ कोड जीटूएवरून विकले गेल्याचं निघालं, आणि २०२० मध्ये जीटूएनं वूबला ३९,६०० डॉलर भरून दिले. गेम बनवणाऱ्याला उशिरा का होईना भरपाई मिळाली. आर्वीच्या पोट्ट्यासाठी असं भांडायला कोण जाणार?

माझंही एकदा असं झालंय. भाच्याचा वाढदिवस होता. एका साइटवर गेम अर्ध्या भावात दिसला, साडेसातशे रुपये भरले. कोड लगेच आला. भाचा शेजारी स्टुलावर बसलेला, मी एकेक अक्षर टाकतोय आणि तो मोठ्यानं वाचतोय. शेवटचं अक्षर टाकून बटण दाबलं, तर स्क्रीनवर आलं की हा कोड तुमच्या देशात चालत नाही. त्याला वाटलं आपणच चुकीचं वाचलं. त्यानं पुन्हा पहिल्यापासून वाचून दाखवला. विक्रेत्याचं उत्तर होतं, वर्णनात देश लिहिलेला होता. होताही, तळाशी, बारीक अक्षरांत. पैसे परत आले नाहीत. व्हीपीएन, म्हणजे आपण दुसऱ्याच देशात आहोत असं भासवणारं ॲप, लावून चालवून घे, असं तेव्हा दोघा-तिघांनी सांगितलं. मी ते केलं नाही आणि तुम्हीही करू नका. स्टीमच्या नियमात ते बसत नाही, आणि साडेसातशे रुपयांसाठी अख्खं खातं अडकू शकतं.

म्हणून खात्रीच्या साइटवरसुद्धा पैसे भरण्याआधी कोड कोणत्या स्टोअरचा आहे, भारतात चालतो का, आणि पूर्ण गेम आहे की गेमवर लावायचा नुसता जोडभाग, हे वाचून घ्या. जोडभाग स्वस्त असतो आणि मूळ गेम नसेल तर त्याचा काही उपयोग नसतो.

दोन्ही भावांत फरक दोनशे-तीनशेचा असेल तर मी स्टीमच म्हणतो. फरक खूप मोठा असेल तर कोड खात्रीच्या साइटवरून घ्या. जीटूए-किंग्विनसारखा बाजार माझ्या दुकानातून मी कोणालाही उघडून देत नाही.

मोबाईलवर खेळणाऱ्यांसाठी

गावात लॅपटॉपपेक्षा फोनवरच खेळणारे जास्त. त्यांच्यासाठी गुगल प्लेचा कोड बरा पडतो, विशेषतः घरच्यांसाठी. बापाचं कार्ड किंवा यूपीआय पोराच्या फोनला जोडून ठेवण्यापेक्षा शंभराचा कोड घेऊन दिला, तर खर्च शंभरावरच थांबतो. पेमेंटच्या ॲपमधून तो लगेच मिळतो. प्ले स्टोअरमध्ये कोपऱ्यातल्या आपल्या फोटोवर बोट ठेवा, पेमेंटचा पर्याय उघडा, त्यात कोड रिडीम करायची जागा आहे.

बोट ठेवलं तिथं कोणता ई-मेल दिसतोय, ते मात्र बघा. एका फोनवर बापाचं आणि पोराचं अशी दोन्ही खाती असतात, कोड बापाच्या खात्यात पडतो आणि गेम पोराच्या खात्यावर चालू असतो. एकदा पडलेली रक्कम दुसऱ्या खात्यात जात नाही. कोडचा फोटोही कोणाला पाठवू नका. आमच्या इकडच्या एका मुलानं कौतुकानं मित्रांच्या ग्रुपवर टाकला आणि जेवून येईपर्यंत कोणीतरी तो वापरून मोकळा झाला होता.

फुकटचं

फुकटात खरं मिळतं, आणि ते घ्यावं. एपिक गेम्स स्टोअर दर गुरुवारी कॉम्प्युटरचा गेम फुकट देतं. आपल्याकडे रात्री साडेआठला, हिवाळ्यात साडेनऊला नवा गेम लागतो. मे २०२० मध्ये जीटीए ५ असाच वाटला गेला होता. फोनच्या ब्राउझरवरून खात्यावर चढवून ठेवायचा, उतरवायचा सवडीनं, सहा महिन्यांनी उतरवला तरी चालतो.

बीजीएमआय आणि फ्री फायर मॅक्स या मोबाईलवरच्या गेमचे फुकट बक्षिसाचे रिडीम कोड कंपन्या स्वतः जाहीर करतात. मूळ फ्री फायरवर फेब्रुवारी २०२२ मध्ये आपल्या सरकारनं बंदी घातली, त्याच्या नावानं फिरणाऱ्या कोडमागे लागू नका. कोड चालतात ते गेमच्या अधिकृत साइटवरच, गेस्ट खात्यावर, म्हणजे लॉगिन न करता खेळता त्यावर, चालत नाहीत, आणि बक्षीस गेममधल्या मेलबॉक्समध्ये येतं. बीजीएमआयला खेळाडूचा आयडी पुरतो. तिथं कोणी पासवर्ड किंवा ओटीपी मागितला की खोटं समजा. फ्री फायरच्या साइटवर लॉगिन करावं लागतं, म्हणून ग्रुपवर आलेल्या लिंकवरून तिथं कधीच जाऊ नका.

"कोड जनरेटर" नावाचं जे काही दिसतं, ते कोड बनवूच शकत नाही. चालणारे कोड कंपनीच्या सर्व्हरवर नोंदलेले असतात. बाहेर कोणी अक्षरं जुळवून नवा तयार करू शकत नाही. त्या साइटला तुमच्याकडून ॲप टाकून घ्यायचं असतं, नाहीतर नंबर आणि ओटीपी. पैसे गेलेच तर त्याच तासाला १९३० या सायबर फसवणुकीच्या हेल्पलाइनवर फोन करा. घरचे रागावतील या भीतीनं पोरं दोन-दोन दिवस बोलत नाहीत आणि तेवढ्यात रक्कम पुढच्या खात्यांत निघून जाते. घरच्यांनी आधी फोन लावावा, बोलायचं ते नंतर बोलावं.

त्या दोन हजार आणि सहाशेवाल्या बापलेकाला मी लॅपटॉप घेऊन बोलावलं होतं. सेकंड हँड घेतलेला, रॅम ४ जीबी. गेमच्या पानावर तळाशी लिहिलेलं, किमान ८ जीबी. म्हणजे दोन्हीपैकी कोणत्याही भावात तो चालणार नव्हता. त्या दिवशी पोराचं एपिकचं खातं त्याच्या स्वतःच्या ई-मेलवर उघडलं आणि त्या आठवड्याचा फुकटचा गेम चढवून दिला, हलका होता, चालला. स्टीमचा मोठा सेल डिसेंबरच्या शेवटी लागतो, तोवर कापूसही निघतो. जाताना वडिलांनी विचारलं, "रॅम केवढ्याची पडते?"