भाता मारायला कैदी! गंगापूर रोडवरचा सप्रयोग कार्यक्रम

वसाहतकाळातल्या अमेरिकन गावात लोक रोज काय गात-वाजवत असत, यावर शनिवारी गंगापूर रोडवरच्या एका छोट्या हॉलमध्ये कार्यक्रम झाला. तिकीट 200 रुपये. पंचवटीत आमच्या भजनी मंडळात मी पेटीवर असते, त्यामुळे राहवलं नाही.

गाव व्हर्जिनियाची तेव्हाची राजधानी विल्यम्सबर्ग. तिथल्या चर्चमध्ये 1755 साली ऑर्गन आला आणि पीटर पेल्हॅम वाजवायला बसला. हा गृहस्थ शिकवण्या घ्यायचा, नाटकाला साथ करायचा आणि पुढे गावचा तुरुंगही सांभाळायचा. ऑर्गनचा भाता मारायला तुरुंगातलाच एखादा कैदी घेऊन यायचा म्हणे! माझ्या शेजारच्या काकू इतक्या हसल्या की वक्त्याला थांबावं लागलं.

सधन घरांत मुलींनी स्पिनेट (पियानोसारखं पट्ट्यांचं छोटं तंतुवाद्य) नाहीतर गिटार शिकायची, व्हायोलिन आणि बासरी मुलांची. मुलीने बासरी तोंडाला लावणं शोभत नसे. आमच्याकडेही पेटीवर बाई दिसली की अजून चार माना वळतातच.

खरी मजा स्तोत्रांची. 1640 मध्ये मॅसॅच्युसेट्सात छापलेल्या स्तोत्रांच्या पुस्तकात चाली नव्हत्याच, आणि पुस्तकं तरी कितीजणांकडे असणार? मग एकाने ओळ म्हणायची, बाकीच्यांनी ती उचलायची. आम्हालाही तसंच गायला लावलं. बुवांनी अभंगाची ओळ टाकावी आणि टाळकऱ्यांनी घ्यावी, अगदी तसं. फक्त लय इतकी संथ की एका ओळीत माझा दम संपला.

आता तक्रारी. माइक सारखा शिट्ट्या मारत होता. स्पिनेट कीबोर्डवर ऐकवला, ते एकवेळ चालेल. पण त्या गावात नाचाला फिडल, म्हणजे व्हायोलिनच, वाजवणारे कितीतरी जण गुलाम होते. पळालेल्या गुलामांच्या वर्तमानपत्रातल्या जाहिरातींत 'फिडल वाजवतो' अशी खूण दिलेली असायची. आफ्रिकेतून आलेल्या लोकांचा भोपळ्याचा बँजो (एक तंतुवाद्य), 1740 च्या साउथ कॅरोलिनाच्या कायद्याने गुलामांच्या ढोलांवर आणलेली बंदी, हे सगळं शेवटच्या पाच मिनिटांत उरकलं. पुढे अमेरिकेचा राष्ट्राध्यक्ष झालेल्या जेफरसनच्या व्हायोलिनला मात्र अर्धा तास! तो वेळ बँजोला द्यायला हवा होता.

पुन्हा ठेवला तर मी जाईन. पुढच्या रांगेत बसू नका, स्पीकर तिथेच आहे.